जिम्नॅस्टिक्स सुटलं, म्हणून मैदानही सोडायचं का?

नाशिकच्या एका आईचं पत्र आलं आहे. लेक पंधरा वर्षांची, नुकतीच नववीची परीक्षा दिलेली. सहाव्या वर्षापासून जिम्नॅस्टिक्स करतेय, राज्य स्पर्धेपर्यंत पोचली, पदकंही आहेत. गेल्या दीड वर्षात उंची एकदम वाढून पाच फूट सात इंचांवर गेली आणि सरांनी सांगून टाकलं, 'यात आता पुढे फार काही होणार नाही.' पोरगी बरेच दिवस कुणाशी धड बोलेना. मग पोल व्हॉल्टची, म्हणजे बांबूउडीची रशियन जगज्जेती येलेना इसिनबायेवा हिचे व्हिडिओ बघून तिने जाहीर केलं, 'मी पोल व्हॉल्ट करणार.' वडील म्हणतात, 'नऊ वर्षं गेली ती पुरे, आता अभ्यासाची फाउंडेशन बॅच.' आई विचारतात, 'बांबूउडीत कसलं आलंय करिअर? पण सरळ नाही म्हटलं तर पोर मनाने खचेल. काय करू?'

ताई, सप्रेम नमस्कार.

आधी घरातल्या रागाचं बघू. तुमच्या यजमानांसारखे बरेच वडील माझ्यासमोर येऊन बसतात. फी, उन्हाळी शिबिरं, पहाटेच्या स्कूटरच्या फेऱ्या, बुडालेली लग्नकार्यं, आणि इतकं करून शेवटी ऐकायला काय मिळालं, तर 'मुलगी उंच झाली'. चिडचिड होणारच. पण सरांनी जे सांगितलं ते जिम्नॅस्टिक्सपुरतं सांगितलं, हे लक्षात घ्या. मुलीच्या अंगात मुरलेल्या नऊ वर्षांबद्दल ते काहीच बोललेले नाहीत. तो हिशेब वेगळा मांडावा लागतो, आणि तो कसा मांडायचा याचं उत्तर तुमच्या लेकीने शोधलेल्या बाईच्या गोष्टीतच आहे. म्हणून ती गोष्ट जरा सविस्तर सांगते. व्हिडिओत फक्त उडी दिसते.

इसिनबायेवाचा जन्म १९८२चा, रशियातल्या वोल्गोग्राद शहरातला. वडील मूळचे दागेस्तानचे, प्लंबरचं काम करणारे. घरात पैशाची ऊब नव्हती. पाचव्या वर्षी तिला आणि तिच्या बहिणीला जिम्नॅस्टिक्सला घातलं. दहा वर्षं तिने तेच केलं. पंधराव्या वर्षी तिलाही तेच ऐकावं लागलं जे तुमच्या लेकीने ऐकलं: उंची फार झाली. पुढे ती एक मीटर ७४ सेंटिमीटरपर्यंत वाढली, म्हणजे तुमच्या मुलीपेक्षा दीडेक इंच जास्तच. पोरीने नेमका हाच व्हिडिओ का धरून ठेवला ते आता कळेल.

उंची जिम्नॅस्टिक्समध्ये आड येते त्याचं कारण साधं आहे. शरीर लांब असलं की हवेत गिरकी घ्यायला जास्त जोर लागतो, आणि तेवढा वेळ हवेत मिळत नाही. पोल व्हॉल्टमध्ये मात्र तीच उंची कामाला येते. उंच मुलगी पोल जास्त वर पकडू शकते आणि लांब टांगांनी वेग घेऊ शकते. आता उडीकडे नीट बघा. मुलीला शेजारी बसवून व्हिडिओ अगदी सावकाश चालवा. धावत येऊन ती पोलचं टोक जमिनीतल्या बॉक्समध्ये रोवते. धावण्याचा सगळा वेग पोलमध्ये जातो आणि पोल धनुष्यासारखा वाकतो. तेवढ्यात ती लोंबकळत झोका घेते, पाय डोक्याच्या वर नेते, पूर्ण उलटी होते, पोलला लागून अंग वळवते आणि हाताने पोल मागे ढकलून पट्टीवरून पोटावर पलटी खाते. उलटं लोंबकळताना आपले पाय कुठे आहेत, हे न बघता कळणं ही यातली खरी अवघड गोष्ट. धावपटू मुलींना ती शिकायला वर्षं जातात. अनइव्हन बार्सवर, म्हणजे जिम्नॅस्टिक्सच्या खाली-वर असलेल्या दोन दांड्यांवर, किप आणि जायंट या झोक्याच्या कसरती करकरून तुमच्या लेकीच्या ते हाडीमाशी भिनलंय. नऊ वर्षं गेली कुठे, तर इथे.

मात्र धावणं तिला जवळजवळ पहिल्यापासून शिकावं लागेल. जिम्नॅस्टच्या धावेत आणि चाळीस मीटर हातात लांब पोल घेऊन पळण्यात फार फरक आहे. वेग नसेल तर वरची सगळी कसरत फुकट.

इसिनबायेवाच्या गोष्टीत मला सगळ्यात मोलाचा वाटतो तो तिचा जिम्नॅस्टिक्सचा प्रशिक्षक. 'तुझं इथे जमणार नाही' एवढं सांगून त्याने तिला घरी पाठवलं नाही. बायकांचा पोल व्हॉल्ट त्याने टीव्हीवर पाहिला होता, ही मुलगी त्यात बसेल असं त्याला वाटलं, आणि त्याने तिला येवगेनी त्रोफिमोव्ह या ॲथलेटिक्सच्या प्रशिक्षकाकडे नेऊन सोडलं. हे १९९७ साली घडलं. वर्षभराच्या आत, १९९८च्या मॉस्कोतल्या जागतिक युवा क्रीडा स्पर्धेत तिने चार मीटरवर सुवर्ण घेतलं.

इथे थोडं थांबा, कारण व्हिडिओ बघून पोरांचा नेमका इथेच घोळ होतो. तिची मेहनत होतीच. पण तिची वेळही विलक्षण होती. बायकांचा पोल व्हॉल्ट तेव्हा नुकता उंबरठ्यावर आला होता. जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत तो पहिल्यांदा खेळला गेला १९९९ साली सेव्हिलमध्ये, आणि ऑलिंपिकमध्ये २००० साली सिडनीत. पुरुषांच्या गटात सर्गेई बुबकाने १९८५ सालीच सहा मीटरची सीमा ओलांडली होती. बायकांच्या गटात दार आत्ता कुठे उघडत होतं. नव्या खेळात जुनी घराणी नसतात, त्यामुळे बाहेरून आलेल्या चपळ मुलीला जागा पटकन मिळते. तरीही सिडनीत अठराव्या वर्षी ती पात्रता फेरीतच बाहेर पडली. त्याच वर्षी ज्युनिअर जागतिक विजेतेपद मात्र तिने ४.२० मीटरवर जिंकलं. हा आकडा लक्षात ठेवा, पुढे लागेल.

२००३मध्ये गेट्सहेडला ४.८२ मीटरचा पहिला विश्वविक्रम. २००४च्या उन्हाळ्यात तर विक्रम ती, तिचीच देशभगिनी स्वेतलाना फेओफानोव्हा आणि अमेरिकेची स्टेसी ड्रॅगिला यांच्यात चेंडूसारखा फिरत होता. मग अथेन्स ऑलिंपिकची अंतिम फेरी. ४.७० चुकलं. तिने ती उंची सोडून ४.७५ मागितली, तीही चुकली. तीही सोडली आणि ४.८०ला गेली. सलग तीन चुका झाल्या की खेळ खलास, म्हणजे हातात एकच उडी. दोन उड्यांच्या मध्ये ती टॉवेलखाली तोंड लपवून पडून राहायची, मैदानात काय चाललंय याकडे बघायचीसुद्धा नाही. उठायची, पोल उभा धरून त्याच्याशी ओठातल्या ओठात काहीतरी बोलायची आणि धावायची. ४.८० गेलं. मग ४.८५. आणि शेवटी ४.९१, सुवर्णपदकासह विश्वविक्रम. मुलीला ही फेरी जरूर दाखवा, पण आधीच्या दोन चुका कापून नको.

२२ जुलै २००५ला लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये ती पाच मीटर ओलांडणारी पहिली बाई झाली. त्या वर्षाअखेर तिने काय करावं? जगात सर्वोत्तम असताना प्रशिक्षक बदलला. इटलीतल्या फोर्मियाला जाऊन ती विताली पेत्रोव्ह यांच्याकडे शिकू लागली, बुबकाला घडवणारे तेच पेत्रोव्ह. शर्यतीत पहिल्या नंबरवर असताना तंत्राची जुळवाजुळव पुन्हा करायला घेणं हे वाचायला सोपं आहे, पण जगातल्या फार कमी खेळाडूंना ते धाडस होतं. बीजिंग ऑलिंपिकला २००८ मध्ये ५.०५. एकूण विश्वविक्रम २८, आणि बरेचसे सेंटिमीटर-सेंटिमीटरने वाढवलेले. बुबकाचे ३५ होते, तोही असाच एकेक सेंटिमीटर चढत गेला. यात चलाखी आहेच: विक्रमाला बक्षीस मिळतं, मग एका दिवसात सगळं कशाला उधळायचं? यजमानांना हे आवडेल. गोल्डन लीग या स्पर्धामालिकेचं दहा लाख डॉलरचं बक्षीस तिने २००७मध्ये धावपटू सान्या रिचर्ड्सबरोबर अर्धं-अर्धं घेतलं आणि २००९मध्ये तिघांत वाटून घेतलं. पण हा पैसा जगातल्या पहिल्या दोघी-चौघींचा असतो, त्यावर घरखर्चाचा विचार बांधू नका.

२००९च्या ऑगस्टमध्ये बर्लिनच्या जागतिक स्पर्धेत ती एकही उंची पार करू शकली नाही. जगज्जेती, आणि निकालाच्या कागदावर तिच्या नावापुढे आकडाच नाही. अकरा दिवसांनी झुरिकमध्ये तिने ५.०६ मीटर उडी मारली. तो विक्रम आजही तिच्या नावावर आहे, आणि पाच मीटरपलीकडे गेलेल्या बायका अजून हाताच्या बोटांवर मोजता येतात. २०१०मध्ये मात्र ती थकली, जवळजवळ वर्षभर स्पर्धांपासून दूर राहिली, आणि परतली ती वोल्गोग्रादच्या जुन्या त्रोफिमोव्हकडे. लंडन ऑलिंपिकला २०१२मध्ये कांस्य, २०१३ला मॉस्कोच्या घरच्या मैदानावर जागतिक सुवर्ण, मग मुलीचा जन्म, आणि रिओ ऑलिंपिकसाठी पुन्हा तयारी. २०१६च्या जूनमध्ये तिने रशियाच्या राष्ट्रीय स्पर्धेत ४.९० मारली. पण डोपिंग प्रकरणामुळे रशियाच्या ॲथलेटिक्स महासंघावर बंदी होती. तिचं स्वतःचं नाव कशात नव्हतं, तरी आंतरराष्ट्रीय क्रीडा लवादाने अपील फेटाळलं आणि रिओत तिला उडी मारता आली नाही. त्याच रिओत खेळाडूंनी मतदान करून तिला आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीच्या खेळाडू आयोगावर निवडून दिलं, आणि दुसऱ्याच दिवशी तिने निवृत्ती जाहीर केली.

तिचं सगळंच डोक्यावर घ्यावं असं मी म्हणणार नाही. २०१३मध्ये समलैंगिकांविरोधातल्या रशियन कायद्याची तिने बाजू घेतली, टीका झाल्यावर आपल्या इंग्रजीमुळे गैरसमज झाला म्हणाली. सत्तेशी तिची जवळीकही लपलेली नाही. लेक भिंतीवर पोस्टर लावेल तेव्हा यावरही घरात बोलणं होऊ द्या. पंधराव्या वर्षी हे कळतं.

आता तुमच्या घरी येऊ. रशियात त्या काळी क्रीडाशाळांची मोठी यंत्रणा होती, एक प्रशिक्षक दुसऱ्याकडे मुलगी सोपवू शकत होता. आपल्याकडे ती सोपवण्याची जबाबदारी आईबापांवर पडते. भारतात या खेळात तमिळनाडूच्या मुलींचा दबदबा आहे. व्ही. एस. सुरेखाचा २०१४चा ४.१५ मीटरचा राष्ट्रीय विक्रम २०२२मध्ये गांधीनगरच्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेत रोझी मीना पॉलराजने मोडला, आणि नवा आकडा होता ४.२०. आठवतंय ना? इसिनबायेवाने अठराव्या वर्षी ज्या उंचीवर ज्युनिअर विजेतेपद घेतलं तीच उंची. याचे दोन अर्थ निघतात आणि दोन्ही खरे आहेत. जगाच्या मानाने आपण फार मागे आहोत, त्यामुळे ऑलिंपिकची भाषा आत्ता नको. आणि देशात या खेळात मुली कमी आहेत, त्यामुळे चांगल्या जिम्नॅस्टला राज्य संघात यायला शंभर मीटरच्या मानाने गर्दी खूपच कमी लागते. दुसऱ्या अर्थाकडे पालकांचं सहसा लक्ष जात नाही.

अडचणी कसल्या, तेही मोकळेपणाने सांगते. चांगले पोल बाहेरून मागवावे लागतात आणि ते स्वस्त नसतात. शिवाय एका पोलवर भागत नाही. प्रत्येक पोलवर त्याची लांबी आणि तो किती वजनाच्या खेळाडूसाठी आहे ते छापलेलं असतं. मुलगी वेगवान झाली, पकड वर गेली की आधीचा पोल मऊ पडतो आणि जास्त कडक घ्यावा लागतो. म्हणून स्वतः खरेदीच्या फंदात पहिल्या वर्षी अजिबात पडू नका, जिथे क्लबचे किंवा संकुलाचे पोल आहेत तिथेच शिकवा. साडेचार मीटरचा पोल रेल्वेने किंवा एसटीने न्यायचा म्हणजे काय प्रकार असतो, हे कुठल्याही बांबूउडीवाल्या पोराला विचारा. आणि सुरक्षेबद्दल एक अट घाला, ती मोडू देऊ नका: पूर्ण आकाराची जाड मॅट, तिच्या दोन्ही बाजूंना आणि बॉक्सभोवती पॅडिंग, आणि शिकवणारा समोर हजर. यातलं एक जरी कमी असलं तरी उडी नाही. यूट्यूबवर बघून वाळूच्या खड्ड्यात बांबू रोवण्याचे प्रयोग पोरं करतात, आणि मान, मनगट कायमचं अधू करून बसतात.

पुण्याच्या बालेवाडीच्या श्री शिवछत्रपती क्रीडासंकुलात ॲथलेटिक्सची सोय आहे. पण मुलीला उचलून लगेच पुण्याला हलवू नका. पहिले सहा महिने तिला नाशिकमध्येच एखाद्या चांगल्या ॲथलेटिक्स प्रशिक्षकाकडे फक्त धावायला आणि लांब उडीला घाला. सोबतीला बार्सवरचं थोडं काम जुन्या सरांकडे चालू ठेवा. त्यांचा राग धरू नका, त्यांना विचाराल तर ते नक्की मदत करतील. उंची अशी झपाट्याने वाढते तेव्हा मनगटं, कंबर आणि गुडघे नाजूक असतात, म्हणून सुरुवातीलाच खेळाच्या दुखापती बघणाऱ्या फिजिओथेरपिस्टला एकदा दाखवून घ्या. सहा महिन्यांनी तिची शंभर मीटरची वेळ सुधारली असेल, आणि मुख्य म्हणजे धावण्याचा तिला कंटाळा आला नसेल, तर सुट्टीत पोल असलेल्या संकुलात दोन-तीन आठवड्यांसाठी पाठवा. तिथल्या प्रशिक्षकाला 'माझी मुलगी चॅम्पियन होईल का' हे विचारू नका. 'हिला उलटं जाताना भीती वाटते का, आणि पळताना वेग येतोय का' एवढंच विचारा. चांगला प्रशिक्षक पंधरवड्यात सांगू शकतो.

फाउंडेशन बॅचचं म्हणाल, तर मी यजमानांच्या बाजूने अर्धी आहे. अभ्यास सोडायचा नाही, यावर तडजोड नाही. इसिनबायेवाही दहावीपर्यंत तंत्रशिक्षणाकडे कल असलेल्या शाळेत शिकली, पुढे वोल्गोग्रादच्या शारीरिक शिक्षण अकादमीतून तिने पदवी घेतली. पण रोज पाच तासांची बॅच आणि वर मैदान, यात मुलगी दोन्हीकडून जाईल. दहावीचं वर्ष शाळा, एखाद-दोन विषयांची शिकवणी आणि संध्याकाळी दीड तास मैदान, एवढंच ठेवा. बॅचचा निर्णय दहावीनंतरही घेता येतो.

राहिला पोटापाण्याचा प्रश्न. पोल व्हॉल्टवर थेट पोट भरत नाही, हे तुमचं बरोबर आहे. पण राष्ट्रीय पातळीवर पदक आलं तर रेल्वे, पोलीस आणि सेनादलांच्या क्रीडा भरतीचे रस्ते उघडतात, महाराष्ट्रात सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे. आणि पदक नाही आलं तरी हातात बरंच उरतं. जिम्नॅस्टिक्स आणि ॲथलेटिक्स दोन्ही केलेल्या मुलीला पतियाळाच्या राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा प्रशिक्षक पदविका अभ्यासक्रम, बी.पी.एड. ही शारीरिक शिक्षणाची पदवी, फिजिओथेरपी किंवा क्रीडाविज्ञान यांतलं काहीही परकं वाटत नाही. शिवाय लहान मुलांना जिम्नॅस्टिक्स शिकवणाऱ्या बायकांची शहरांत आज चांगली मागणी आहे. ती नऊ वर्षं तिथेही रोख वटतात.

मुलीशी मात्र आधी एक बोला, तुम्ही दोघांनी मिळून. ती इतके दिवस गप्प होती ते हट्टाने नाही. ज्या जागी तिची सकाळ-संध्याकाळ जायची, जिथे तिच्या मैत्रिणी होत्या, ती जागाच एका वाक्यात तिच्या हातून गेली. पोल व्हॉल्टचं वेड हे त्या रिकाम्या जागेचं वेडही असू शकतं. सहा महिने धावताना ते आपोआप कळेल. तिला मग हॅमर थ्रो आवडेल, नाहीतर अभ्यासच आवडेल, तरी चालेल.

आणि एक काम या आठवड्यातच करून टाका. जिम्नॅस्टिक्सच्या राज्य स्पर्धेची सगळी मूळ प्रमाणपत्रं काढून एका फायलीत लावा आणि शाळेच्या क्रीडाशिक्षकांना भेटा. दहावीच्या क्रीडा गुणांचा प्रस्ताव शाळेमार्फत जिल्हा क्रीडा कार्यालयाकडे जातो. कोणत्या इयत्तेतली कामगिरी धरतात, दहावीच्या वर्षी पुन्हा स्पर्धेत उतरावं लागतं का, तारखा कोणत्या, हे त्यांच्याकडून लिहून घ्या. पुष्कळ मुलांचे हे गुण केवळ कागद वेळेत न गेल्यामुळे हुकतात.